पणमास्तर, टक्केबाई आणि पाचव्या मजल्याचं पाणी

पणमास्तर आणि टक्केबाई पहिल्यांदा भेटले ते एका दारात, आणि त्या दारातून सुटायला त्यांना, कॉलेजातल्या जुन्या लोकांवर विश्वास ठेवायचा तर, जवळजवळ एक सत्र लागलं. झालं असं, की प्राचार्यांनी एका सकाळी तत्त्वज्ञान आणि समाजशास्त्र हे दोन विभाग एकत्र करून टाकले. एका विभागात प्रश्न फार आणि विद्यार्थी कमी, दुसऱ्यात कागद फार आणि जागा कमी. दोघांना मिळून एक खोली, एक टेबल आणि एक पंखा पुरे, असा साधा विचार. तेव्हा डाव्या जिन्याने मास्तर आपली वेताची आरामखुर्ची डोक्यावर घेऊन निघाले, उजव्या बाजूने बाई आपलं लोखंडी कपाट ढकलत निघाल्या, आणि दोघं एकाच क्षणी एकाच दारात शिरले. खुर्चीचा पाय कपाटाच्या मुठीत असा काही गुंतला, की ना पुढे ना मागे.

सांगणारे सांगतात, की त्या अवधीत कपाटावर चिमण्यांनी घरटं केलं आणि पिल्लं उडूनही गेली. दाराशी जमलेल्या गर्दीत दोन विद्यार्थ्यांची ओळख झाली, ती लग्नापर्यंत पोचली. प्राचार्य नव्या विभागाचं उद्घाटन करायला भाषणाचा कागद दातात धरून कपाटाखालून रांगत आत गेले आणि भाषण संपल्यावर तसेच रांगत बाहेर आले. शेवटी सुताराला बोलावलं. तो करवत लावणार, तेवढ्यात खुर्चीखालून मास्तर त्याला म्हणाले, “पण मुळात आत जायचं कशासाठी, हे आधी ठरवायला नको का?”

सुतार करवत पिशवीत घालून घरी गेला. कपाटाच्या पलीकडून मात्र आवाज आला, “दारातून जाणाऱ्या दर दहांतल्या सात जणांना ते ठाऊक नसतं. तरी जातात. मी मोजलंय.”

मास्तरांनी कान टवकारले. आजवर त्यांनी ‘पण’ म्हटलं, की समोरचा माणूस घड्याळ बघायचा, खोकायचा किंवा त्याला अचानक बँकेत जायचं असायचं. उत्तर कुणी दिलं नव्हतं. त्यांनी मान वळवायचा प्रयत्न केला, पण डोक्यावर खुर्ची होती. म्हणून त्यांनी पुढचा प्रश्न भिंतीला विचारला, “आणि उरलेल्या तिघांना खरंच ठाऊक असतं?”

“तसं ते सांगतात,” पलीकडून उत्तर आलं. “खरं किती, ते तुम्ही बघा. तुमचं खातं ते.”

दोस्ती जमली ती तिथेच. दाराची चौकट नंतर कुणीतरी काढली.

तर पणमास्तर म्हणजे तत्त्वज्ञानाचे अध्यापक. उंच, किंचित वाकलेले, शर्टाचं एक बटण नेहमी वरच्या घरात. वाक्याची सुरुवात ‘पण’नेच करायची ही त्यांची खोड. तान्हे असताना सगळी मुलं रडून दूध मागतात, हे मात्र बाटली बघून विचारात पडायचे, असं त्यांची थोरली बहीण सांगायची. टक्केबाई म्हणजे समाजशास्त्राच्या अध्यापिका. बुटक्या, तरतरीत, खांद्याला कायम एक फुगलेली पिशवी, आणि कुठलीही गोष्ट टक्केवारीत पडल्याशिवाय ती घडली असं त्या मानत नसत. पावसात भिजून आल्या तरी ‘मी साठ टक्के भिजलेय’ म्हणायच्या. आणि भिजलेल्या खरंच साठच टक्के असायच्या, कारण छत्री अर्धी उघडायची.

या दोघांच्या गळ्यात प्राचार्यांनी एक नवा विषय बांधला. त्याचं नाव ‘जगापुढचे प्रश्न’. विद्यार्थी त्याला नुसतं ‘जग’ म्हणायचे. “जग आहे का आज?” “नाही, जग रद्द झालं, मास्तरांना सर्दी झालीय,” अशी बोलणी वऱ्हांड्यात ऐकू यायची.

तो तास म्हणजे दोन बैलांनी दोन दिशांना ओढलेली गाडी. पृथ्वी तापतेय हा विषय निघाला, की मास्तर खिडकीबाहेर बघत म्हणायचे, “पण जो माणूस अजून जन्मलाच नाही, त्याचं आपण काही देणं लागतो का?”

“जन्मलेल्या शेजाऱ्याचं काही लागतो असं मानणारे तीस टक्के आहेत,” बाई म्हणायच्या. “आधी त्यांचा आकडा वाढवा, मग न जन्मलेल्यांकडे जाऊ.”

देशोधडीला लागलेल्या माणसांचा विषय निघाला, की मास्तर विचारायचे, ‘पण घर म्हणजे काय?’ आणि बाई विचारायच्या, ‘दार कुणी लावलं?’ विद्यार्थ्यांच्या माना टेनिसच्या सामन्यासारख्या इकडून तिकडे. एकदा भांडण फारच तापलं, तेव्हा बाई म्हणाल्या, “मास्तर, ती आंधळ्या-पांगळ्याची गोष्ट माहितीय ना? तुम्ही नि मी तशी जोडी आहोत.”

“पण आंधळा कोण?”

“तो तुम्ही.”

“वा. मला तर लांबचं सगळं दिसतं. माणसानं कुठं पोचायला हवं ते मला लख्ख दिसतं. फक्त पाय उचलत नाही एवढंच.”

“मग पांगळे व्हा,” बाई उदारपणे म्हणाल्या. “मी वणवण भरपूर करते. कुठं जायचं ते तेवढं विचारू नका.”

वर्ग हसला, बाई हसल्या, मास्तर मात्र घरी जाईपर्यंत त्याचाच विचार करत राहिले, आणि त्या नादात एक गल्ली पुढे निघून गेले.

घर पाचव्या मजल्यावर. लिफ्ट नाही. जिना असा चिंचोळा, की वर जाणाऱ्याने आणि खाली येणाऱ्याने एकमेकांची पोटं आत घेण्याचा करार केल्याशिवाय वाहतूक होत नसे. घरात मास्तर आणि त्यांची थोरली बहीण, अक्का. आईवडील लवकर गेल्यावर अक्कानेच त्यांना लहानाचं मोठं केलं. तिचं लग्न झालं, मुलगी झाली, नवरा गेला, मुलगी नोकरीसाठी दूरच्या शहरात गेली. या सगळ्यात धाकट्या भावाच्या शर्टाचं बटण लावायचं काम तिने कधी सोडलं नाही. मास्तरांना स्वयंपाक येत नव्हता, असं नाही. बटाटे उकडायला ठेवले तर बटाट्यात बटाटेपण नेमकं कधी संपतं, या विचारात भांडं जळायचं, एवढंच.

या घराचं एकच दुखणं होतं. पाचव्या मजल्यावर पाणी चढत नसे. सकाळी नळ उघडला, की तो आधी खाकरायचा, मग शिट्टी वाजवायचा, आणि मग एखाद्या कंजूष मामाने भाच्याच्या हातावर खाऊ ठेवावा तसे दोन थेंब ठेवून गप्प व्हायचा. पाणी अंगणातल्या नळावरून बादल्यांनी आणायचं. ते काम मास्तरांचं. पण मास्तर तिसऱ्या मजल्यावर दम खायला बादली खाली ठेवायचे, तिथे काहीतरी सुचायचं, आणि विचार करत ते वर यायचे. बादली तिसऱ्यावरच.

“धाकट्या, पाणी?”

“कसलं पाणी?”

मग अक्का गुडघ्यावर हात ठेवत खाली जायची. गुडघे आधीच कुरकुरत होते, आता त्यांनी संपच पुकारला. एके दिवशी ती अर्ध्या जिन्यात बसली, ती शेजाऱ्यांनी उचलून आणली. त्या संध्याकाळी मुलीचा फोन आला, आणि फोन ठेवून अक्का अगदी साध्या आवाजात म्हणाली, “सुट्टी लागली की मी लेकीकडं जाते. कायमची.”

मास्तरांच्या तोंडून ‘पण’सुद्धा निघाला नाही.

“असं बघू नकोस,” अक्का म्हणाली. “अख्ख्या जगाचे प्रश्न सोडवता ना तुम्ही दोघं कॉलेजात? जगात आपली इमारत येते की नाही? नसेल येत तर तसं सांग, मी बॅग भरते.”

मास्तर रात्रभर तळमळले. सकाळी खोलीत शिरताच त्यांनी बाईंना सगळं सांगितलं, आणि शेवटी, एकदाही ‘पण’ न म्हणता, बोलले, “अक्का गेली तर माझं काय होईल ते मला दिसत नाही.”

बाईंनी पिशवीतून पेन काढलं. “किती घरं आहेत?”

त्या दिवसापासून बाई इमारतीत दारोदार फिरू लागल्या. तळमजल्यावर लाँड्रीवाला राहत होता. एकटा जीव, गोल पोट, हात साबणाने कायम पांढरे. पुढे दुकान, मागे एक खोली. त्याने मुख्य पाइपाला एक पंप जोडला होता. तो पंप सुरू झाला, की अख्ख्या इमारतीचं पाणी त्याच्या टाकीत. पहिल्या मजल्यावर दातांचे डॉक्टर आणि त्यांच्या कुंड्या. डॉक्टर रोग्यांना गुळण्या मोजून करायला लावायचे आणि घरी येऊन फर्नला अंघोळ घालायचे. दुसऱ्या आणि तिसऱ्या मजल्यावर दोन सख्खे भाऊ. त्यांचं आपसात बोलणं बंद, का ते कुणालाच आठवत नव्हतं. चौथ्यावर बँडमधला बिगुलवाला. आणि पाचव्यावर आपले मास्तर.

सगळ्यांनी एकच सांगितलं. आम्ही थेंबथेंब वापरतो, पाणी उडवतात ते बाकीचे. बाईंनी प्रत्येकाने दुसऱ्याच्या नावावर टाकलेलं पाणी एकत्र केलं असतं, तर त्यात शहर बुडून वर तीन जहाजं चालली असती.

पाचव्यावरही त्या आल्या. दारात मास्तर उभे होते. बाईंनी मास्तरांना पाणी किती लागतं इथपासून घर सोडायला तयार आहात का इथपर्यंत सगळे प्रश्न विचारले, मास्तरांनी उत्तरं दिली. आतून अक्काने कॉफी पाठवली, ती पिऊन बाई गेल्या.

मग इमारतीची सभा झाली. आधी मास्तर उभे राहिले. “पण न्याय म्हणजे काय?” त्यांनी सुरुवात केली. पाच मिनिटांत निम्मी सभा पांगली आणि उरलेल्या निम्म्यात बिगुलवाला झोपला होता. मग बाईंनी भिंतीवर एक मोठा तक्ता लावला. त्यावर रंगीत खांब होते, प्रत्येक घराच्या पाण्याचा एक. लोक परत आले, आणि आपापला खांब शोधून बघता बघता हमरीतुमरीवर आले.

“माझा खांब एवढा जाड? मी काय हत्ती धुतो?” लाँड्रीवाला म्हणाला.

“चादरी धुता ना,” डॉक्टर म्हणाले.

“आणि तुम्ही झाडांचे दात घासता ते?”

तक्ता फाटला. सभा संपली. नळ तसाच शिट्ट्या मारत राहिला आणि अक्काने माळ्यावरून बॅग काढली.

दुसऱ्या दिवशी कॉलेजात दोघं तोंडं पाडून बसले. पंखा डुगडुगत होता. मास्तर म्हणाले, “नियम असा हवा, की तो करणाऱ्याला आपण कुठल्या मजल्यावर राहणार आहोत हेच ठाऊक नसावं. मग तो सगळ्या मजल्यांचा विचार करेल. आपण फक्त तसं मानायचं.”

“मानत नाहीत हो माणसं,” बाई म्हणाल्या. “लाँड्रीवाल्याला म्हणा, तू घटकाभर पाचव्या मजल्यावर आहेस असं मान. तो हो म्हणेल आणि बोलेल तळमजल्याचंच. माणसाचं मत त्याच्या नळाजवळ राहतं.”

“पण मग काय करायचं?”

“मग मानायचं कशाला? खरंच बदलायची घरं.”

हे त्या चिडून बोलल्या होत्या. पण बोलून झाल्यावर दोघांनी एकमेकांकडे बघितलं. मास्तर खुर्चीतून असे उठले, की खुर्ची त्यांच्याबरोबर थोडी उठली. एवढा मोठा शास्त्रार्थ, इतकी वर्षं, इतके तास, आणि उत्तर एका ट्रकच्या भाड्यात, छे, ट्रकसुद्धा नको, जिन्यात पडलेलं होतं. त्यांना त्या भरात जगाचं सगळंच सुटताना दिसू लागलं. श्रीमंत देश गरीब देशांत राहायला चाललेत, बर्फाळ मुलखातली माणसं वाळवंटातल्या विहिरीवर रांगेत उभी आहेत, मंत्री शाळेच्या बाकावर. बाईंनी त्यांच्या बाहीला धरून खाली आणलं. “आधी सहा बिऱ्हाडं, मास्तर.”

इमारत कबूल होईल, असं कुणालाही वाटलं नसतं. पण ती एका फटक्यात कबूल झाली, आणि त्याचं कारण बाईंना ठाऊक होतं. सहाही घरांची पक्की खात्री होती, की आपल्यालाच सगळ्यात वाईट जागा मिळालीय आणि बाकीचे मजा मारतायत. तेव्हा बदलण्यात नुकसान होणार कुणाचं? एक आठवडा घरं बदलायची, चिठ्ठ्या टाकून. फक्त आपापलं दुकान-धंदा जागेवर.

मास्तरांनी त्यात एक कलम घातलं. “आठवडा संपल्यावर कुणालाही त्याच्या मनाविरुद्ध परत पाठवायचं नाही.”

“ते कशाला?” डॉक्टरांनी विचारलं.

“कारण परत जायची सक्ती असलेला माणूस पाहुणा असतो. आणि पाहुणा कुठल्याही घरात गोडच बोलतो. माणूस तिथं राहू शकतो असं असलं, तरच तो खरं बघेल.”

“भीती नको,” बाईंनी सभेला धीर दिला. “आपलं घर सोडायला तयार असलेलं बिऱ्हाड शून्य टक्के आहे. सहाही घरांत विचारलंय मी.”

चिठ्ठ्यांना भांडं हवं होतं. बिगुलवाल्याने बिगूल पुढे केला. चिठ्ठ्या बिगुलाच्या तोंडात भरल्या, त्याने गाल फुगवून अशी काही फुंक मारली, की सगळे मजले एकदम हवेत उडाले. एक डॉक्टरांच्या चष्म्यावर बसला, दोन भावांनी एकाच चिठ्ठीवर झडप घातली, आणि तळमजला गिरक्या घेत घेत येऊन मास्तरांच्या खिशात पडला. पाचवा मजला लाँड्रीवाल्याच्या पोटावर येऊन थांबला. त्याने चिठ्ठी उलटून मागची बाजूही बघितली.

रविवारी सकाळी जिन्यात जे काही झालं, ते बघायला समोरच्या इमारतीने खिडक्यांत खुर्च्या लावल्या. सहा बिऱ्हाडं एकाच वेळी एकाच चिंचोळ्या जिन्यातून वरखाली निघालेली. गाद्या वर चाललेल्या, गाद्या खाली चाललेल्या, मधल्या वळणावर गादीवर गादी पडून त्यावर एक भाऊ झोपलाय, तिथूनच दुसऱ्या भावाला, इतक्या वर्षांनी पहिल्यांदा, “डोळे फुटले का?” म्हणतोय, आणि तो, “तुझी उशी माझ्या तोंडात आहे,” असं सांगतोय. बोलणं सुरू झालं ते असं. डॉक्टर चौथ्या मजल्यावर फर्न घेऊन निघालेले, आणि फर्नमधून फक्त त्यांचे पाय दिसतायत, म्हणजे झाडच चढतंय असं वाटावं. बिगुलवाला ‘बाजूला व्हा’ म्हणायच्या ऐवजी बिगूल वाजवतोय. लाँड्रीवाला प्रत्येक मजल्यावर बसून विचारतोय, “आला का पाचवा?” टक्केबाई तळाशी उभ्या राहून मोजतायत आणि मोजता मोजता हसून हसून भिंतीला टेकल्यायत. आणि या सगळ्या लोंढ्याच्या मधोमध आपले मास्तर, आरशासकट उभे, आरशात उलटा जिना बघत, “पण आता वर म्हणजे नेमकं कुठं?” असं विचारत. अक्काने मागून त्यांच्या पाठीत उशी मारली. “चल, खाली म्हणजे खाली.”

संध्याकाळपर्यंत सगळे आपापल्या परक्या घरी पोचले. मास्तरांची आणि अक्काची सोय लाँड्रीच्या मागच्या खोलीत. खोली एकाच माणसाची, तेव्हा अक्का खाटेवर आणि मास्तर दुकानात इस्त्रीच्या टेबलावर. अक्काने नळ उघडला. नळ खाकरला नाही, शिट्टी वाजवली नाही. धो धो पाणी आलं. अक्काने त्याखाली हात धरला आणि हसायला लागली. एखाद्या शाळकरी मुलीला मधल्या सुट्टीत सोडावं तशी हसायला लागली. मास्तर टेबलावरून पाय लोंबकळवत बघत होते, आणि त्यांच्या मनात आलं, की न्यायाचा आवाज असतो तो बहुतेक हाच.

वर पाचव्या मजल्यावर लाँड्रीवाल्यानेही नळ उघडला.

पाचव्या मजल्यावर पाणी चढत नाही, हे त्याला ठाऊक होतं. पृथ्वी गोल आहे हे जसं आपल्याला ठाऊक असतं, तसं. आता तो बादली घेऊन खाली आला, वर गेला, अर्धी सांडली, पुन्हा आला. दुसऱ्या दिवशी त्याने जिन्याला शिव्या दिल्या, तिसऱ्या दिवशी इमारत बांधणाऱ्याला, आणि चौथ्या दिवशी तो घामाघूम होऊन आपल्याच दुकानात आला, पंपाकडे बोट दाखवून म्हणाला, “कुणी बसवला हा चोर इथं?”

“तुम्हीच,” अक्का म्हणाली.

त्याने उभ्या उभ्या पाना मागवला, पंप सोडवला आणि त्याच्यावर बसून राहिला, जणू तो पुन्हा उठून पाइपाला चिकटेल. त्याच आठवड्यात गच्चीवरच्या सामायिक टाकीला तो पंप जोडला गेला. सकाळी आधी वरचे मजले भरायचे, लाँड्रीचं पाणी दुपारी, डॉक्टरांच्या फर्नला भांडी धुतलेलं पाणी. हा नियम इमारतीने हात वर करून मंजूर केला, आणि सगळ्यात उंच हात लाँड्रीवाल्याचा होता. पाचव्या मजल्याचा नळ खाकरला, शिट्टी वाजवली, आणि मग त्यातून खरंच पाणी आलं.

सोमवारी ‘जगा’च्या तासाला विद्यार्थ्यांनी बाकं वाजवली. मागच्या बाकावरच्या एका मुलीने विचारलं, “पण सर, अख्ख्या जगाची घरं अशी थोडीच बदलता येणारेत?”

“नाही,” बाई म्हणाल्या. “आणि एक सांगते, लाँड्रीवाला काही सुधारला नाही. त्याचा फक्त मजला बदलला.”

“पण न्यायाला याहून जास्त काही लागतं का?” मास्तर म्हणाले.

बाईंनी पिशवीत हात घातला. त्यांच्याकडे याचा टक्का नव्हता. मग त्या म्हणाल्या, “जगात जे नियम करतात ना, ते कुठल्या मजल्यावर राहतात, एवढं तरी आपण मोजून दाखवू शकतो.”

“आणि त्यांनी दुसऱ्या मजल्याचं बघायलाच हवं, ते का, एवढं तरी आपण सांगू शकतो,” मास्तर म्हणाले. “दोन्ही एकाच वेळी सांगितलं, तर निदान सभा पांगणार नाही.”

त्या दिवशी मास्तर घरी चालत गेले नाहीत, जवळजवळ नाचत गेले. आठवडा आदल्या दिवशीच संपला होता, सामान हलवायचं तेवढं राहिलं होतं. वर पाणी आलं होतं. म्हणजे अक्का आता कुठे जात नव्हती. त्यांनी लाँड्रीत शिरताच इस्त्रीच्या टेबलावरची चादर गुंडाळली आणि आरसा काखेत मारला.

“अक्का, चल. वर पाणी आलंय.”

अक्का दुकानाच्या दारातल्या स्टुलावर बसली होती. रस्त्यावरून जाणारी पोस्टाची बाई तिच्याशी बोलून नुकतीच गेली होती. तिच्या मांडीवर कुणाचा तरी धुतलेला शर्ट होता, ती त्याला बटण लावत होती.

“आलं ना? बरं झालं. तू हो पुढं.”

“पण तू?”

“मी इथंच बरी आहे.”

“इथं म्हणजे? लेकीकडं जाणार तू?”

“तिला केला मी फोन. सांगितलं, नाही येत म्हणून. इथं जिना नाही, पाणी आहे, रस्ता दिसतो. दिवसभरात किती माणसं बोलतात माझ्याशी, ठाऊक आहे? वर तू एकटा बोलायचास, तेही स्वतःशी.”

मास्तरांनी आरसा खाली ठेवला. “पण घर आपलं वर आहे.”

“तुझाच नियम ना रे? मनाविरुद्ध कुणाला परत पाठवायचं नाही.”

“पण तो मी बाकीच्यांसाठी...” मास्तर म्हणाले, आणि थांबले. इतकी वर्षं तत्त्वज्ञान शिकवलेल्या माणसाला ते वाक्य पुरं करणं शक्य नव्हतं.

तेवढ्यात टक्केबाई शेवटची मोजदाद करायला पोचल्या. त्यांना सगळं सांगितल्यावर त्या पिशवी चाचपू लागल्या. “पण शून्य टक्के होतं. मी तुमच्या घराचं मत घेतलं होतं.”

“कुणाचं?” अक्काने विचारलं.

“मास्तरांचं.”

“मी आत होते की. कॉफी करत होते.”

बाईंनी पिशवी खाली ठेवली आणि त्या स्टुलाशेजारच्या पायरीवर बसल्या. बिऱ्हाड म्हणजे दारात उभा असेल तो, असं त्यांनी सहाही मजल्यांवर धरलं होतं. मास्तर त्यांच्याकडे बघत होते, त्या मास्तरांकडे, आणि दोघांपैकी कुणालाच दुसऱ्याला बोल लावता येत नव्हता. मग अक्काच हसली आणि म्हणाली, “एवढं काय तोंड पाडून बसलात? पाच मजले तर आहेत मध्ये. धाकट्या, जेवायला खाली ये. बटण आणत जा.”

मास्तर म्हणाले, मीही इथेच राहतो. पण खोली एका खाटेची, आणि इस्त्रीच्या टेबलावर आठवडा निघाला, जन्म कसा निघणार? राहता राहिला लाँड्रीवाला. खोली त्याची, तेव्हा तो नाही म्हणेल, ही एकच आशा धरून मास्तर पाच मजले चढून गेले. तो गच्चीवर होता. वाऱ्यावर चादरींच्या रांगा फडफडत होत्या आणि त्यांच्या मधून तो लहान मुलासारखा इकडून तिकडे पळत होता.

“मास्तर,” तो म्हणाला, “तासाभरात वाळतात हो इथं. खाली दोन दिवस लागायचे. मी नाही बुवा खाली जात. नियम आहे ना तुमचा?”

तेव्हापासून अक्का तळमजल्यावर राहते, दुकानाचा गल्ला तीच बघते. पाचव्या मजल्यावर मास्तर आणि लाँड्रीवाला राहतात. पाणी चोवीस तास असतं. लाँड्रीवाला घोरतो.